वरातीच्या मागचं गाव : प्रकल्प नोंदी

१७ नोव्हेंबर

आज कामाला हात घातला. ऊर्ध्व वर्धा धरणाच्या पाण्यात गेलेल्या आमच्या जुन्या गावाचा नकाशा काढायचा आहे, आणि तो लग्नाच्या व्हिडिओ कॅसेटींवरून काढायचा आहे.

सरकारी नकाशा आहे. त्यात गट नंबर आहेत, हद्दी आहेत, नाला आहे. पण मारोतीच्या पाराला पायऱ्या कोणत्या अंगाने होत्या, आमच्या गल्लीत एकापुढे एक घरं कुणाची, कुणाची ओसरी रस्त्यावर यायची, हे त्यात नाही. घराघरांतले फोटो मोजके, तेही मोर्शीला स्टुडिओत पडद्यापुढे बसून काढलेले. गाव त्यात कुठेच नाही. राहिल्या कॅसेटी. १९८६ पासून पुढची पाच वर्षं, ज्यांच्या संत्र्याला बरा भाव आला त्यांनी पोरापोरींच्या लग्नात व्हिडिओवाला आणला. कॅमेरा नवरा-नवरीवर धरलेला, पण त्यांच्या मागे गाव उभं आहे. मला ते मागचं पाहिजे.

मी इथल्या वाचनालयात काम करते. १९९१ च्या उन्हाळ्यात जुनं गाव सुटलं तेव्हा सात वर्षांची होते. धरण १९९३ साली पूर्ण झालं. जलाशयाला नल-दमयंती सागर असं सुंदर नाव आहे, पण आमच्या पुनर्वसनात, म्हणजे नव्या गावात, ते कुणाच्या तोंडी नाही. "आपलं घर पान्यात गेलं," एवढंच म्हणतात.

२४ नोव्हेंबर

अकरा घरं फिरले, चौदा कॅसेटी मिळाल्या. लोखंडी पेटीतून, लुगड्याच्या घडीतून, धान्याच्या कोठीवरून निघाल्या; एक तर देवघरात होती. त्या लावायचं यंत्र कुणाकडेच नाही, वीस वर्षांपासून नाही, तरी टाकून कुणीही दिलेली नाही. एका मोठ्या मायनं कॅसेट पदराने पुसून हातात दिली नि विचारलं, "यातलं दिसन का वं आता? का मेलं असन?"

पाहू म्हणाले. दुसरं काय सांगणार होते!

चौदांपैकी पाचांवर बुरशी आहे. कॅसेटच्या खिडकीतून पाहिलं की फितीच्या गुंडाळीवर पीठ भुरभुरल्यासारखी दिसते. अशी कॅसेट तशीच लावली तर बुरशी यंत्राच्या हेडला, म्हणजे फीत वाचणाऱ्या भागाला, लागते आणि मग पुढची चांगली कॅसेटही नासते. त्या पाच वेगळ्या डब्यात ठेवल्या, त्यांना सगळ्यात शेवटी हात लावायचा.

१ डिसेंबर

अमरावतीहून जुना व्हीसीआर आणला. दुरुस्त करून देणाऱ्या काकांनी बजावून सांगितलं: चित्र थांबवून ठेवायचं नाही. चित्र थांबलेलं दिसतं तेव्हाही आतला हेडचा ड्रम मिनिटाला १५०० फेऱ्यांनी फिरतच असतो, आणि फितीच्या त्याच एका जागेवर घासत राहतो. जो चेहरा जास्त वेळ पाहावासा वाटतो, तोच पाहण्याने झिजतो.

तीन तासांच्या कॅसेटमध्ये जवळपास २५८ मीटर फीत असते आणि ती संगणकात उतरवायला तीनच तास लागतात. लवकर करायची सोय नाही. एकदा लाईन गेली की पुन्हा पहिल्यापासून.

८ डिसेंबर

आज आत्याच्या लग्नाची कॅसेट उतरवली. मे १९८९. ही मी पहिल्यांदा पाहत नव्हते. पुनर्वसनात आल्यावर सुरुवातीची सात-आठ वर्षं दिवाळीला आमच्याकडे व्हिडिओ भाड्याने आणायचे, आणि सिनेमा लावायच्या आधी आत्याचं लग्न लागायचं. आजी तेवढ्यासाठी जागी राहायची. लग्न संपलं की झोपायला जायची.

जुन्या घराची माझी एक आठवण लख्ख आहे, सगळ्यात जुनी. मी वरून पाहते आहे. अंगणात मांडव. मांडवाच्या कडेने आई पितळेची घागर घेऊन चालली आहे. ती थांबते, वर बघते नि हसते. ही आठवण मी कितींदा सांगितली असेल, माझ्या मुलीला झोपवताना तर रोजच. आज ती अडतिसाव्या मिनिटाला समोर आली. घागर, थांबणं, वर बघणं, हसणं, सगळं तसंच. कॅमेरावाला घराच्या धाब्यावर, सपाट छतावर, चढला होता. मी धाब्यावर कधीच चढले नाही, आम्हा लेकरांना शिडीला हात लावायची मनाई होती. आई माझ्याकडे बघून हसली नव्हती.

व्हीसीआर बंद केला आणि बाहेर अंगणात जाऊन बसले. आई जाऊन नऊ वर्षं झाली. तिचं ते हसू माझ्या हिश्शाचं होतं असं मी धरून चालले होते.

मग वाटलं, कॅसेटने दिलेलं वजा केलं तर त्या घराचं, त्या गावाचं माझं स्वतःचं काय उरतं? रात्री आठवून पाहिलं. एक गोष्ट नक्की माझी आहे. आमची गल्ली लांबच लांब होती. उन्हाळ्यात दुपारी अनवाणी पाराकडे पळताना पाय इतके पोळायचे की मध्ये एकदा कुणाच्या तरी भिंतीच्या सावलीला उभं राहावं लागायचं. पाय पोळल्याचं चित्र निघत नाही, म्हणून ही आठवण कॅसेटची नव्हे. पण कॅसेटमध्ये वरात ती गल्ली दोन मिनिटांत पार करते, आणि सहा घरांतच संपते. घरं मी दोनदा मोजली.

२० डिसेंबर

गाडगेबाबांची पुण्यतिथी. सकाळी सगळ्यांनी मिळून गाव झाडलं. नंतर पारावर शेजारचे बाबाजी सांगत बसले होते. ते आता ऐंशीचे आहेत. दहा-अकरा वर्षांचे असताना बापाच्या बंडीत बसून बाबांच्या कीर्तनाला गेले होते. बाबा १९५६ साली वलगावजवळ पेढी नदीपाशी गेले, त्याच्या थोडं आधीची गोष्ट. बाबाजींनी चेहरा असा वर्णन केला की समोर उभा राहावा: डोळे कसे खोल, कपाळावरची शीर कशी ताठ व्हायची, बोलता बोलता मान कशी एका बाजूला जायची.

वाचनालयातल्या पुस्तकात गाडगेबाबांचा खरा फोटो आहे. उत्साहाने जाऊन घेऊन आले. बाबाजींनी चष्मा लावला, पुस्तक उन्हात धरलं, पुष्कळ वेळ पाहिलं आणि म्हणाले, "हे कोन होय बाप्पा?"

मला ताबडतोब उमगलं. १९७७ साली राजदत्त यांनी गाडगेबाबांवर ‘देवकीनंदन गोपाला’ हा चित्रपट केला आणि बाबांची भूमिका डॉ. श्रीराम लागू यांनी केली. बाबाजींनी तो बहिरमच्या यात्रेत तंबूत पाहिला होता, लागोपाठ दोन रात्री. खरे बाबा त्यांना एकदाच दिसले, गॅसबत्तीच्या उजेडात, हजार माणसांच्या मागून. पडद्यावरचा चेहरा भिंतीएवढा होता, आणि त्याच्या डोळ्यांतलं पाणीही दिसत होतं. मनात तो राहिला. डॉ. लागूंच्या कामाची ताकद किती म्हणावी! आणि बाबाजींचं नुकसानही तेवढंच मोठं.

मी काहीच बोलले नाही. फोटो मिटून ठेवला. दोन आठवड्यांपूर्वी आईच्या हसण्याचं माझंही असंच झालं होतं.

३ जानेवारी

दोन दिवस वाचन. १८९५ साली फ्रान्समध्ये ल्युमिए बंधूंनी चलच्चित्रं दाखवली. त्यातल्या एकात आईबाप तान्ह्या बाळाला भरवताहेत. पाहणाऱ्यांना बाळापेक्षा मागच्या झाडाची पानं वाऱ्याने हलतात याचं नवल जास्त वाटलं, असं सांगतात. पटण्यासारखं आहे. नाटकातलं झाड रंगवलेलं असतं, ते हलत नाही. इथे कुणी सांगितलं नसताना, कुणी मुद्दाम टिपलं नसताना झाड आपलं आपण हलत होतं.

दादासाहेब फाळक्यांचा १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ चार रिळांचा होता. आज त्यातलं पहिलं नि शेवटचं रीळ तेवढं पाहायला मिळतं. पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली निघालं. पी. के. नायर यांनी रिळं शोधण्यात जन्म घातला, पण तोवर मूकपटांचा बहुतेक ठेवा नाहीसा झाला होता. नायट्रेटची जुनी फीत पेट घेते. नंतरची अ‍ॅसिटेटची फीत पेटत नाही, ती आतून आंबते नि तिला व्हिनेगरसारखा वास यायला लागतो. आमच्या चुंबकीय फितीवर बुरशी येते. देशाच्या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाची दोन रिळं वाचवायला एवढी माणसं झिजली, मग आमच्या चौदा कॅसेटी वाचवायला मीच झिजायला पाहिजे, दुसरं कोण येणार?

१२ जानेवारी

बहिरमला जाऊन आले. परतवाड्याहून बैतुलकडे जाणाऱ्या रस्त्यावर, सातपुड्याच्या पायथ्याशी महिनाभराच्या वर यात्रा असते. हंडीचं मटण, गोवऱ्यांवर भाजलेले रोडगे, राहुट्या, धूर. एके काळी इथल्या तंबू टॉकीजमध्ये ऑपरेटर असलेले एक काका भेटणार होते, त्यांच्यासाठी गेले.

काका रोडगा कुस्करत बोलत होते. तंबूत एकच मशीन. दोन कार्बनच्या कांड्या समोरासमोर, त्यांच्यामध्ये उजेडाचा झोत. कांड्या जळत जातात तशा पुढे सरकवत राहायच्या, नाहीतर पडद्यावर अंधारी येते. हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटं चालायचं. नंतर ते तालुक्याच्या पक्क्या टॉकीजमध्ये लागले. तिथे दोन मशिनी. रीळ संपत आलं की चित्राच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात क्षणभर एक गोल टिपका येतो. पहिल्या टिपक्याला दुसऱ्या मशीनची मोटार चालू करायची. सात-एक सेकंदांनी दुसरा टिपका, की लगेच झडप बदलायची. प्रेक्षकाला पत्ता लागायला नको.

"थे टॉकीज आता मंगल कार्यालय झालं," काका म्हणाले. "पन नातवासंगं टीव्हीवर जुना पिक्चर पायतो ना, तं कोपऱ्यात थो टिपका अजून येते. पोराले दिसत नाई. माहा हात उठते." आणि खरंच त्यांचा उजवा हात उठला, अंगठा नि दोन बोटं एक खिट्टी धरल्यासारखी. रोडग्याचं तूप लागलेली बोटं तशीच थोडा वेळ हवेत राहिली. घरी येईपर्यंत माझ्या डोळ्यांपुढे तीच होती.

तुटलेल्या रिळाचे तुकडे काका पोरांना वाटायचे. माझे बाबा सांगायचे, जुन्या गावातही ते तुकडे पोचले होते. फ्यूज गेलेल्या बल्बचं मागचं तोंड अलगद फोडायचं, आतली तार काढायची, पाणी भरायचं. अंधाऱ्या खोलीत दाराच्या फटीतून आरशाने ऊन आत घ्यायचं, मध्ये फिल्मचा तुकडा, पुढे पाण्याचा बल्ब, आणि समोर आजोबांचं धोतर टांगलेलं. त्यावर एक बाई उलटी दिसायची. तुकडा उलटा धरला की बाई सुलटी व्हायची. ती हलत नव्हती तरी पोरं दुपारभर बसून असायची.

२३ फेब्रुवारी

आज गाडगेबाबांची जयंती. १९५६ च्या नोव्हेंबरात मुंबईला वांद्र्याला झालेल्या त्यांच्या कीर्तनाचं ध्वनिमुद्रण मिळतं. बाबाजींना मोबाइलवर लावून दिलं, काही न सांगता. खरखर फार होती. "गोपाला गोपाला, देवकीनंदन गोपाला" सुरू झालं तसे बाबाजी टेकून बसले होते ते सरळ झाले. "हाच!" म्हणाले. "हाच थो आवाज. माह्या बापानं मले खांद्यावर घेतलं होतं, त्याच्या फेट्याचा वास येत होता."

चेहरा सिनेमाने नेला, आवाज मात्र तसाच राहिला, आणि त्या आवाजामागून बापाच्या फेट्याचा वाससुद्धा आला. त्यामुळे आता मला कॅसेटींतले आवाज पाहिजेत. तिथे मोठी अडचण आहे: एकाही कॅसेटमध्ये माणसांचे आवाज नाहीत. व्हिडिओवाल्याने कॅसेट तयार करताना मूळ आवाज काढून सगळीकडे सिनेमाची गाणी घातली आहेत. वराडी तोंड उघडतात, हाका मारतात, नवरीची आई रडते, आणि वर गाणं चालू. तेव्हा तेच छान वाटायचं. आम्हीच मागून घ्यायचो ती गाणी.

१६ मार्च

व्हिडिओवाले भाऊ सापडले. दुकान केव्हाच बंद झालं, आता शेती करतात. म्हणाले, मूळ शूटिंगच्या कॅसेटी आम्ही ठेवत नसू. महाग पडायच्या, त्यावरच पुढचं लग्न घ्यायचो. एका लग्नावर दुसरं, दुसऱ्यावर तिसरं. तरी त्यांनी माळ्यावरून एक खोकं काढून दिलं. त्यात एका कॅसेटीच्या शेपटाला आमच्या गावच्या १९९० च्या एका लग्नाची सव्वीस मिनिटं उरली आहेत, पुढच्या लग्नाने पुसायची राहून गेलेली. गाणी घालायच्या आधीची.

सव्वीस मिनिटं पंगत आहे. आलू-वांग्याची भाजी, बुंदी, वरण. आणि आवाज! "ए, इकडं बुंदी आन." "पान्याचं पाय रे कोनीतरी." कावळे. लेकरू रडतंय. कुठेतरी इंजिनचा ठकठक आवाज, विहिरीवरचं असणार. मी कानाला हेडफोन लावून चार वेळा ऐकलं. चित्राकडे लक्षच नव्हतं.

बाराव्या मिनिटाला अठरा-एक वर्षांचा एक पोरगा वरणाची बादली घेऊन वाढत येतो. डावरा आहे. बादली उजव्या हातात, वाढायचा चमचा डाव्या हातात. एक म्हातारा ओरडतो, "अबे, उजव्या हातानं वाढ!" पोरगा हसतो, हात बदलतो नि म्हणतो, "हाव बाप्पा, हाव." चार माणसं उजव्या हाताने वाढतो, सांडतो, आणि पाचव्या माणसापाशी पुन्हा डावा हात.

मी त्याला ओळखलं. २००६ साली त्यांनी आत्महत्या केली. धाकटा मुलगा तेव्हा तीन महिन्यांचा होता.

३० मार्च

नकाशा भिंतीवर लावला आणि नवाच प्रश्न उभा राहिला. त्याची पूर्वेची बाजू सगळी कोरी आहे. बौद्धपुरा तिकडे होता. चौदाही कॅसेटींत कॅमेरा तिकडे गेलेला नाही, कारण वरात तिकडून जायची नाही. हे माझ्या इतक्या उशिरा ध्यानात आलं याची मला लाज वाटली.

दुपारी तिकडच्या काकूंकडे गेले. त्यांच्यापैकी कुणाकडेही जुन्या गावाची कॅसेट नाही. "व्हिडिओवाला आनाले पैसे कुठी होते?" अंगणात तिघीजणी बसल्या आणि काडीने मातीत गाव काढायला लागल्या. विहीर इथं. नाही, विहिरीच्या अलीकडे निंबाचं झाड, मग विहीर. अमक्याचं दार उत्तरेला. तासभर भांडल्या, पुसलं, पुन्हा काढलं. शेवटी तिघींचं एकमत झालं ते मी कागदावर उतरवून घेतलं. बावीस घरं, दोन विहिरी, विहार, शाळेकडे जाणारी पायवाट. प्रत्येक घराची पायरीसुद्धा. माझी माणसं एखादं घर आठवताना कॅसेटमध्ये दिसलेलं सांगतात; त्यांचं बोलणं एका जागी येऊन थांबतं आणि ती जागा म्हणजे चित्राची कड असते. या तिघी कुठेही थांबल्या नाहीत.

६ एप्रिल

पंगतीची ती सव्वीस मिनिटं गावापुढे लावायच्या आधी वरण वाढणाऱ्या त्या डावऱ्या पोराच्या घरी नेऊन दाखवली. लावायची की नाही हे घरच्यांनीच ठरवायचं होतं. वहिनी, त्यांची सासू आणि मुलगा, तो आता एकोणीस वर्षांचा. घरात हार घातलेला फोटो आहे, कपाळाला टिळा लावलेला, निवडणूक ओळखपत्रावरून मोठा केलेला. वहिनींचं लग्न १९९८ चं, नव्या गावातलं. १९९० मधला हा पोरगा त्यांनी कधी पाहिलाच नव्हता.

बादली घेऊन तो आला तशी सासू नाव घेऊन हाक मारल्यासारखी पुटपुटली. वहिनी काहीच बोलल्या नाहीत. "हाव बाप्पा, हाव" झालं, तो हसला, आणि मी हात पुढे केला, आता फाइल संगणकात आहे, थांबवली तरी झिजत नाही. विचारलं, थांबवू का इथं?

"नको," वहिनी म्हणाल्या. "वाढून रायले ना. वाढू द्या."

पंगत संपेपर्यंत पाहिलं. मग त्या म्हणाल्या, "माह्याकडं असे हासत नव्हते थे. मले माईतच नाई, असे हासत." थोड्या वेळाने मुलाकडे पाहून, "आन मी याले डाव्या हातासाठी किती टोकलं लहानपनी."

मुलाने एवढंच विचारलं की नुसता आवाज काढून मिळेल का. दोन सेकंदांचा आहे. त्याच्या मोबाइलवर पाठवला. लावायला घरच्यांची हरकत नाही.

१२ एप्रिल

हनुमान जयंती. रात्री नव्या मारोतीच्या देवळापुढे पांढरी चादर बांधून सव्वा तासाचं निवडक लावलं. दीडशे तरी माणसं असतील. नवरा-नवरींकडे कुणी पाहिलं नाही. "थे पाय आपला पिंपय!" "सरक ना बाप्पा, मागची भित दिसू दे" हे चक्क पडद्यावरच्या नवऱ्या मुलाला. नऊ सेकंदांच्या एका चित्रात पारावर अकरा माणसं बसली आहेत. त्यांतली सात गेली. लोक एकेकाचं नाव घेत होते.

माझ्या पुढे सत्तरीची एक मोठी माय बसली होती. पडद्यावर मांडवाच्या दारातून पागोटं घातलेला एक उंच म्हातारा आत आला, आणि तिने झटकन डोक्यावरचा पदर कपाळापर्यंत ओढून घेतला, मान खाली घातली. तिचे सासरे होते. त्यांना जाऊन तीस वर्षं होऊन गेली. ते चित्रातून जाईपर्यंत तिने मान वर केली नाही.

शेवटी पूर्वेच्या बाजूचं चित्र नसल्याने तिघी काकूंचा मातीवरचा नकाशा मोठा करून लावला आणि त्यांनी तो उभं राहून सांगितला. पोरं तोवर पेंगुळली होती, म्हातारी माणसं मात्र उठली नाहीत.

११ मे

पाणी उतरलंय. गावाचा वरचा भाग काठाला होता, त्यामुळे उन्हाळ्यात तिकडचे चौथरे उघडे पडतात. सकाळी सहालाच निघालो: मी, बाबाजी, एक काकू, आणि वहिनींचा मुलगा. चिखल वाळून त्याच्या खापऱ्या झाल्या होत्या. शिंपले, मासे धरायच्या जाळ्याचा तुकडा, जात्याची अर्धी पेड.

काकू आधी आपल्या बाजूला गेल्या. निंबाचं खोड, त्याच्या पलीकडे विहिरीचा गोल काठ, गाळाने भरलेला. मातीत काढलं होतं तसंच, त्याच क्रमाने. त्या काठावर बसल्या नि म्हणाल्या, "तुमी मोजा आता तुमचं."

आमची गल्ली मोजली. मोजायच्या फितीचं एक टोक मुलाने डाव्या हातात धरलं होतं. पारापासून आमच्या घराच्या चौथऱ्यापर्यंत ११८ पावलं. कॅसेटवरून मी चाळीस धरली होती. चौथरे मोजले: एका रांगेत नऊ. कॅसेटमध्ये सहाच आहेत.

परत येऊन आत्याच्या लग्नातली वरात पुन्हा लावली, एकेक चित्र पुढे सरकवत. चौथ्या घरापाशी पडद्यावर लाल बदाम उमलतो, त्यात नवरा-नवरीचे चेहरे, पुन्हा मिटतो. बदाम मिटतो तेव्हा वरात पुढे पोचलेली असते. मधली तीन घरं त्या बदामात गेली, आणि झूम करून घेतल्याने उरलेली घरंही एकमेकांना चिकटली. गल्ली लांबच होती. पाय पोळायचे, मध्ये थांबावं लागायचं, ते खरं.

नकाशा दुरुस्त केला. तीन चौथरे काढले, आत नावं लिहिलेली नाहीत. पाचव्या की सहाव्या, कुठल्या भिंतीच्या सावलीला मी थांबत होते ते ठरत नाही. उद्या मोठ्या मायकडे जाऊन विचारायचं. ती म्हणते तिथे एक शिवणकामवाली बाई राहायची.